उपकराचा आदेश शेडवर, नोटीस जुन्या पत्त्यावर: इंदूरमधलं एक प्रकरण

31 ऑक्टोबर 2022, सोमवार. दिवाळीची सुट्टी संपवून माझ्या मामेभावाने, म्हणजे दादाने, शहराबाहेरच्या आपल्या शेडचं कुलूप उघडलं आणि तासाभरात एक कर्मचारी हातात लिफाफा देऊन सही घेऊन गेला. आत दोन पानी हिंदी आदेश होता. बांधकाम कामगार कल्याण उपकर 2,88,000 रुपये, त्यावर 34 महिन्यांचं व्याज 1,95,840 रुपये आणि उपकराइतकाच दंड, पुन्हा 2,88,000. एकूण 7,71,840. दादाने तो कागद फोटो काढून मला पाठवला आणि खाली एवढंच लिहिलं: "अगं, हे काय आहे? मी तर नकाशा मंजुरीच्या वेळीच भरलं होतं ना?"

मी इंदूरमध्ये कर सल्लागार म्हणून काम करते. लोकमान्य नगरातल्या निम्म्या ओळखीच्या घरांचे हिशेब माझ्याकडे येतात, पण या उपकराचं प्रकरण हाती धरण्याची माझी ती पहिलीच वेळ. घरातलं असल्यामुळे फी मागायची सोय नव्हती. फायदा एवढाच झाला की सगळी कागदपत्रं, लपवलेलीसुद्धा, माझ्यासमोर आली. ओळख पटू नये म्हणून रकमा आणि काही तपशील बदलले आहेत. रकमांचं एकमेकांशी असलेलं प्रमाण तेच ठेवलं आहे.

आधी इमारत काय होती ते सांगते. मंजूर नकाशात एकूण 18,000 चौरस फूट: तळमजला 9,000, पोटमाळ्यावर ऑफिस 2,400 आणि वरचा मजला 6,600. काम फेब्रुवारी 2019 मध्ये सुरू झालं, 30 नोव्हेंबर 2019 ला संपलं. वरचा मजला बांधलाच नाही. बँकेने कर्जाचा शेवटचा हप्ता रोखला आणि दादाने गर्डरवर पत्रे टाकून विषय मिटवला. म्हणजे प्रत्यक्ष बांधकाम 11,400 चौरस फूट. आमच्या वहीप्रमाणे त्याचा खर्च 1,36,80,000 रुपये. मंजुरीच्या वेळी अंदाजे खर्च 96 लाख दाखवून 96,000 रुपयांचा डिमांड ड्राफ्ट स्थानिक संस्थेकडे दिला होता, त्याची पावती होती.

दादाची बाजू कुठे लंगडी होती

प्रकरण लिहिताना आपल्या पक्षाच्या चुका शेवटच्या परिच्छेदात दडपायची रीत आहे. मी त्या आधी मांडते, कारण पुढचं सगळं त्यावर उभं आहे.

पुढचे सगळे नियम त्या वेळचे आहेत; नोव्हेंबर 2025 मध्ये या कायद्याची जागा सामाजिक सुरक्षा संहितेने घेतली. 1996 च्या उपकर कायद्याने बांधकाम खर्चाच्या किमान 1 आणि कमाल 2 टक्के उपकर घेता येत असे. केंद्राच्या अधिसूचनेने दर 1 टक्का होता. नकाशासोबत भरलेली रक्कम ही अंदाजावरची असते, ती शेवट नव्हे. 1998 च्या नियमांतल्या नियम 6 प्रमाणे काम सुरू झाल्यापासून 30 दिवसांत मालकाने प्रपत्र 1 मध्ये माहिती द्यायची असते. दादाने ती दिली नव्हती. असं काही द्यायचं असतं हेच त्याला ठाऊक नव्हतं. नियम 4 प्रमाणे वर्षाच्या आत संपणाऱ्या कामाचा उपकर काम संपल्यापासून 30 दिवसांत भरायचा. खर्च 96 लाखांवरून 1 कोटी 36 लाखांवर गेला, तर फरकाचे 40,800 रुपये डिसेंबर 2019 अखेर भरायला हवे होते. तेही भरले नव्हते. पत्ता बदलल्याचं कुणालाच कळवलं नव्हतं.

त्याचे पहिले दोन बचाव तर मी फोनवरच मोडून काढले. "ही माझी स्वतःची जागा आहे" हा पहिला. सूट होती ती स्वतःच्या राहत्या घराला, तेही 10 लाखांच्या आतल्या. कारखान्याच्या शेडला नाही. "मजुरांना यातून काय मिळालं ते आधी सांगा, मग मागा" हा दुसरा. त्यावर सर्वोच्च न्यायालयात निकाल होऊन गेलेला आहे, आणि ते प्रकरण आपल्याच मध्य प्रदेशातलं: ए. प्रभाकर रेड्डी अँड कंपनी विरुद्ध मध्य प्रदेश राज्य, 2015. हा उपकर ज्याच्याकडे जातो त्या कामगार कल्याण मंडळाचे लाभ मजुरांपर्यंत पोचायला लागले नव्हते म्हणून उपकर द्यायचा नाही, हे म्हणणं तिथे टिकलं नाही. त्याआधी 2011 मध्ये दिवाणचंद बिल्डर्सच्या खटल्यात हा उपकर म्हणजे कर नसून शुल्क आहे असं ठरून तो वैधही ठरला होता.

दादाच्या दुसऱ्या बचावात मात्र नुसता हट्ट नव्हता. मार्च 2018 मध्ये सर्वोच्च न्यायालयाने याच कायद्यांबद्दल निकाल देताना नोंदवलं की देशभरात 37,400 कोटींहून जास्त उपकर गोळा झाला आणि कामगारांसाठी खर्च झाले सुमारे 9,500 कोटी. दादाच्या ठेकेदाराची हजेरीची वही मी पाहिली. झाबुआ-धारकडून आलेले मजूर, सगळ्यात जास्त होते त्या आठवड्यात 23. वर्षात 90 दिवस बांधकामावर काम केलेल्या 18 ते 60 वयाच्या माणसाला लाभार्थी म्हणून नोंदणी करता येते. त्या 23 पैकी कुणाकडे कार्ड होतं का, हे ठेकेदाराला सांगता आलं नाही. पुढच्या सगळ्या सुनावण्यांत ती वही टेबलावर होती, पण हा प्रश्न कुणीच विचारला नाही. मीही नाही.

फाइलमध्ये काय सापडलं

मी लगेच अपील लिहायला बसले नाही. आधी फाइल पाहण्यासाठी अर्ज केला. आदेशात "उपलब्ध अभिलेखों के आधार पर" असं वाक्य होतं आणि नेमके कोणते अभिलेख याचा उल्लेख नव्हता. दहा-बारा दिवसांनी फाइल पाहायला मिळाली. पातळ होती. एक न पोचलेला लिफाफा, मंजूर नकाशाची प्रत, आणि पेन्सिलने केलेला हिशेब असलेलं एक पान.

लिफाफ्यात जुलै 2022 ची नोटीस होती. 15 दिवसांत उत्तर द्या, असं तीत म्हटलेलं. पत्ता 2018 च्या अर्जावरचा, म्हणजे दादा भाड्याने राहत होता त्या जुन्या घराचा. पोस्टाचा शेरा: "लेफ्ट", म्हणजे पत्ता सोडून गेले. लिफाफा परत आला तो तसाच फाइलला लावून ठेवला होता, उघडलासुद्धा नव्हता. दुसऱ्या पत्त्यावर पाठवल्याची, शेडवर चिकटवल्याची, फोन केल्याची काहीच नोंद नव्हती. आणि ऑक्टोबरचा आदेश मात्र बरोबर शेडवर आला! म्हणजे पत्ता माहीत नव्हता असं म्हणायलाही जागा उरली नाही. कार्यालयातल्या बाबूंनी याचं कारण अगदी सरळपणे सांगितलं: नोटीस टपालाच्या टेबलाची, आदेश वसुलीच्या टेबलाचा, वसुलीवाला माणूस जागेवर जातो.

पेन्सिलचा हिशेब असा: 18,000 गुणिले 1,600. उत्तर 2 कोटी 88 लाख, त्याचा 1 टक्का 2,88,000. यात तीन गोष्टी गडबडलेल्या होत्या. क्षेत्रफळ नकाशातलं घेतलं, जागेवरचं नाही. न बांधलेला मजलाही त्यात आला. दर आदेशाच्या वर्षीचा लावला, बांधकाम 2019 चं असूनही, आणि तो कुठल्या तक्त्यातून आला हे लिहिलं नव्हतं. आणि 96,000 रुपये कुठेच वजा नव्हते, कारण ड्राफ्ट दुसऱ्या संस्थेने घेतला होता. गंमत अशी की त्याच नकाशाच्या प्रतीवर, कोपऱ्यात, त्या ड्राफ्टचा क्रमांक टाइप केलेला होता. नियम 5 प्रमाणे अशी गोळा केलेली रक्कम 30 दिवसांत मंडळाकडे वळती व्हायला हवी. ती झाली की नाही हा त्या दोन संस्थांमधला हिशेब. तो दादाच्या डोक्यावर का?

मुद्दा रकमेचा होता की क्रमाचा

माझं मत इथे बदललं, म्हणून जरा थांबते. पहिल्या दिवशी मला वाटलं होतं की आकडा अवाजवी आहे, तो कमी करून घ्यायचा. नियम शांतपणे वाचल्यावर कळलं की आकडा चुकणं हा परिणाम आहे. मूळ दोष असा की कायद्याने चार वेगवेगळ्या दिवशी करायला सांगितलेल्या गोष्टी एका कागदावर, एका सहीत उरकल्या होत्या.

कायद्याचा क्रम असा चालतो. माहिती द्या; कमी वाटली तर अधिकारी नोटीस देईल; 15 दिवसांत पुराव्यानिशी उत्तर द्या आणि हवं असेल तर समक्ष म्हणणं मांडा. मग निर्धारणाचा, म्हणजे उपकर किती ते ठरवणारा, आदेश. त्या आदेशात नियम 7 प्रमाणे देय रक्कम, आधी भरलेली रक्कम, बाकी आणि भरण्याची तारीख हे सगळं असायला हवं. "आधी भरलेली रक्कम" हे शब्द नियमातच आहेत, ही अधिकाऱ्याच्या मर्जीची बाब नाही. ती तारीख उलटली तरच पुढचं पाऊल. कलम 8 चं दरमहा 2 टक्के व्याज आदेशात दिलेल्या मुदतीत पैसे न भरणाऱ्याला लागतं. कलम 9 चा दंड, जास्तीत जास्त उपकराइतका, तोही त्या तारखेनंतर थकबाकी राहिली तरच, आणि म्हणणं ऐकून घेतल्यावर. थकण्याला पुरेसं कारण असेल तर दंड लावायचाच नाही, असंही कलमात आहे.

दादाच्या आदेशात भरण्याची तारीख होती 15 नोव्हेंबर 2022. म्हणजे मुदत संपायच्या आधीच, मुदत न पाळल्याचं व्याज आणि दंड दोन्ही लावून झाले होते. पुढच्या महिन्याच्या परीक्षेत नापास केल्याचा निकाल आजच हातात द्यावा, तसं.

कार्यालयाची बाजूही पोकळ नव्हती. व्याजाच्या कलमात "देय झालेल्या तारखेपासून" असे शब्द आहेत, आणि रक्कम देय झाली ती नियम 4 प्रमाणे डिसेंबर 2019 मध्ये, असं त्यांचं म्हणणं. मला ते अर्धंच पटतं: व्याज कधीपासून मोजायचं हे त्यातून ठरेल, पण व्याज लागायला सुरुवात होते ती आदेशातली मुदत मोडल्यावर. दुसरा मुद्दा जास्त वजनदार होता. प्रपत्र 1 दिलंच नसेल तर अधिकारी उपलब्ध कागदांवरून निर्धारण करू शकतो, असं नियम 7 सांगतो. खरं आहे. पण "उपलब्ध कागद" म्हणजे मालकाच्या विरोधातले कागद नव्हेत. ड्राफ्टचा क्रमांक असलेला नकाशाही उपलब्धच होता. त्याच नियमात अधिकाऱ्याला जागेवर माणूस पाठवून खर्चाचा शक्य तितका अचूक अंदाज घेण्याची सोय दिली आहे. विक्रीकराच्या जुन्या वेलुकुट्टी खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने म्हटलं होतं की अशा निर्धारणात थोडा अंदाज असणारच, पण तो मनमानी असून चालत नाही, हातातल्या सामग्रीशी त्याचा धागा असावा लागतो. बांधलेलाच नाही त्या 6,600 चौरस फुटांशी कुठला धागा जोडायचा? उलट, नकाशा आखडता घेतला तर निर्धारण सुधारून मागायला नियम 8 मध्ये वेगळं प्रपत्र 2 दिलेलं आहे. म्हणजे नकाशा आणि इमारत यांत फरक पडतो हे नियम करणाऱ्यांनाही ठाऊक होतं.

अपील, आणि फेकून दिलेली पाच पानं

नियम 14 प्रमाणे अपिलाला आदेश मिळाल्यापासून तीन महिने. आमची शेवटची तारीख 31 जानेवारी 2023. अट कडक आहे: वादातला उपकर किंवा दंड किंवा दोन्ही भरल्याचं प्रमाणपत्र सोबत लागतं, शिवाय वादातल्या रकमेच्या 1 टक्का फी. व्याजाचा शब्द त्या अटीत नाही, म्हणून आम्ही 5,76,000 भरले आणि 5,760 फी. वहिनीने मुलीच्या शिक्षणासाठी ठेवलेली मुदतठेव मोडली. त्या दिवशी ती माझ्याशी फारशी बोलली नाही.

अपील सोडून थेट उच्च न्यायालयाच्या इंदूर खंडपीठाकडे रिट याचिका का नाही, असं दादाने विचारलं. अपिलाची वाट असताना न्यायालय सहसा हात घालत नाही; नैसर्गिक न्यायाचा भंग, म्हणजे म्हणणं न ऐकता दिलेला निर्णय, हा त्याला अपवाद आहे, हे व्हर्लपूल कॉर्पोरेशनच्या 1998 च्या निकालापासून सगळे वकील तोंडपाठ म्हणतात. पण आमच्याकडे एक न पोचलेली नोटीस होती, आणि ती चुकीच्या पत्त्यावर जाण्यात आमचाही वाटा होता. त्यात तारखा, वकिलाची फी. एवढ्या रकमेसाठी मला अपील बरं वाटलं. ठेव वाचवायची म्हणून कुणी रिट निवडली असती, तर मी त्याला चूक म्हटलं नसतं.

मी पाच पानांचं अपील लिहिलं. मेनका गांधी खटल्यापासून सुरुवात, मग स्वदेशी कॉटन मिल्स, मग दुसऱ्या बाजूचं ऐकल्याशिवाय निर्णय नाही वगैरे. एका ज्येष्ठ वकिलांना दाखवलं. त्यांनी चष्मा वर करून विचारलं, "नोटीस मिळाली असती तर तुम्ही काय सांगितलं असतं, ते कुठंय?" ते कुठेच नव्हतं. नुसतं ऐकून घेतलं नाही म्हणून आदेश आपोआप पडत नाही. न ऐकल्यामुळे नुकसान काय झालं ते दाखवावं लागतं, हे 1996 च्या स्टेट बँक ऑफ पतियाळा विरुद्ध एस. के. शर्मा या निकालापासून न्यायालयं सांगत आली आहेत आणि 2020 मध्ये सुधीर कुमार सिंह प्रकरणात पुन्हा नीट मांडलं गेलं.

ती पाच पानं गेली. नव्या अपिलात पहिल्या पानावर एक तक्ता: नोटीस मिळाली असती तर देता आली असती अशी उत्तरं, आणि प्रत्येकासमोर पुरावा. वरचा मजला नाही: पत्र्याच्या छपराचे फोटो, बँकेचं हप्ता रोखल्याचं पत्र. खर्च 1,36,80,000: बिलं आणि लेखापरीक्षित हिशेब. आधी भरलेले 96,000: पावती. बाकी 40,800: मान्य. क्रमाचा मुद्दा दुसऱ्या पानावर, निम्म्या पानात.

त्याच आठवड्यात एक मोहही झाला. शेडचा लोखंडी सांगाडा तयार घेतला होता, 52 लाखांचं स्वतंत्र बिल. दादाच्या लेखापालाने सुचवलं की सीजी पॉवरच्या 2021 च्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने नुसत्या पुरवठ्याच्या करारावर उपकर लागत नाही म्हटलंय, तर सांगाडा वगळा. वगळला असता तर खर्च 84,80,000, उपकर 84,800, म्हणजे उलट आमचेच 11,200 निघत होते. मी नको म्हटलं. नियम 3 प्रमाणे बांधकामाशी संबंधित मालकाचा सगळा खर्च मोजायचा, वगळायची ती फक्त जमीन आणि कामगार नुकसानभरपाई. सांगाडा हीच तर इमारत होती. तिथला वाद वीजसाहित्य पुरवणाऱ्या ठेकेदाराचा होता, आमच्यासारख्या मालकाचा नाही. त्या निकालातली आमच्या कामाची गोष्ट निराळी होती: रीतसर निर्धारण न होता, केवळ लेखापरीक्षणाच्या आक्षेपावरून उपकराची रक्कम कापून ठेवता येत नाही. लेखापाल आजही म्हणतो मी भित्री आहे.

फेरनिर्धारण

अपील अधिकाऱ्यांनी दोन तारखांत निकाल दिला. व्याज आणि दंड रद्द, कारण आदेशातली मुदत संपायच्या आधीच लावले. उपकराचं निर्धारण रद्द करून परत पाठवलं: जागा पाहा, कागद पाहा, म्हणणं ऐका, मग लिहा.

या खेपेला तरुण निरीक्षक फीत घेऊन शेडवर आले. 11,400 चौरस फूट जुळलं, वर चढून पत्रेही पाहिले. मग खाली उतरून म्हणाले, कुंपणाची भिंत आणि मागची पाण्याची टाकी कुठल्या बिलात आहे? कुठल्याच नव्हती. दादाने ती वेगळ्या गवंड्याकडून रोखीने करून घेतली होती आणि मलाही सांगितलं नव्हतं. तोंडी हिशेब, गवंड्याच्या चिठ्ठ्या, त्या वेळचे सिमेंटचे भाव असं सगळं जुळवून त्यांनी 5,50,000 धरले. आम्हाला ते मान्य करावे लागले, कारण आकडा रास्त होता. समक्ष म्हणणं मांडायला मिळालं तर रक्कम कमीच होते अशी दादाची समजूत होती, ती त्या दुपारी गेली.

नवा आदेश चार पानी. खर्च 1,42,30,000, उपकर 1,42,300, आधी भरलेले 96,000 वजा, बाकी 46,300. ही बाकी जमा रकमेतून वळती आणि उरलेले 5,29,700 परत. अपिलाची फी परत नाही.

परताव्याला वेळ लागला, दोन स्मरणपत्रं गेली. शेवटी एका दुपारी त्याच कार्यालयातून मला फोन आला. टपालाच्या टेबलावरचे बाबू होते. त्यांच्यासमोर फाइलवर दोन पत्ते होते.

"मॅडम, कौन सा डालूँ?"